बंद दुकानातला कॅरम

१८ नोव्हेंबर २००७ रोजी शशिकांत तांडेल यांच्या क्रेडिट कार्डावर ४४९ रुपये चढले आणि शेजारच्या हंसाबेनच्या घरी कॅरम आला. कॅरम म्हणजे लाकडी पाट नव्हे. कॉम्प्युटरच्या पडद्यावर दिसणारा, माऊसने खेळायचा.

भाईंदर पश्चिमेला, साठ फुटी रस्त्याच्या आतल्या अंगाला त्यांची इमारत. तिसऱ्या माळ्यावर समोरासमोर दोन दारं, एक तांडेलांचं, एक हंसाबेनचं. दिवसा दोन्ही उघडीच. शशिकांत मूळचा माझगावच्या कोळीवाड्यातला. बी.कॉम. होऊन फोर्टमधल्या एका शिपिंग एजन्सीत हिशेबाला चिकटला, तो घराण्यातला पाय ओले न करता पगार आणणारा पहिला माणूस. हंसाबेनच्या मुलाचं स्टीलच्या भांड्यांचं दुकान होतं. मुलगा सकाळी जायचा तो रात्रीच उगवायचा. घर सांभाळायची त्याची बायको, पिंकी.

त्या वर्षी ऑगस्टमध्ये हंसाबेनना लकवा मारला. जीव वाचला, बोलणंही आलं, पण उजवा हात गेला. व्यायाम शिकवायला येणाऱ्या डॉक्टरणीने रबरी चेंडू दाबायला दिला. हंसाबेननी तो डाव्या हाताने खिडकीबाहेर भिरकावला. "मैं क्या छोटी बच्ची हूँ?" म्हणाल्या. मग पिंकीने इंटरनेटवर हा कॅरम शोधून काढला. 'खेळगल्ली' नावाचं पुण्याच्या दोन तरुणांनी काढलेलं दुकान होतं. इमारत नाही, शटर नाही, सगळं इंटरनेटवर. तिथे खेळ विकत घ्यायचे आणि आपल्या कॉम्प्युटरवर उतरवून घ्यायचे. कॅरम दहा मिनिटं फुकट खेळून बघता येत होता. हंसाबेननी उजवा हात माऊसवर ठेवला, पिंकीने वरून आपला हात ठेवला, आणि स्ट्रायकर मागे ओढून सोडला. सोंगटी गेली नाही. पण हंसाबेन म्हणाल्या, "फिर से."

त्या कॅरमची खुबी अशी की त्यात घड्याळ नव्हतं. बाकीच्या खेळांत ठराविक सेकंदांत फटका मारला नाही की डाव पुढे जातो. इथे स्ट्रायकर धरून माणूस वाटेल तितका वेळ बसू शकत होता. हंसाबेनची बोटं मिटायलाच तेवढा वेळ लागायचा.

विकत घ्यायचा तर कार्ड हवं. "आमच्या धंद्यात कार्ड-बिर्ड कुठून काका, सगळा रोकडा," पिंकी म्हणाली. माळ्यावर कार्ड होतं फक्त शशिकांतकडे. रविवारी दुपारी तो हंसाबेनच्या घरी जाऊन बसला. कार्डावरचे आकडे तो वाचत होता, पिंकी टाइप करत होती. खातं उघडायला ई-मेल मागितला, तर शशिकांतने ऑफिसचा पत्ता दिला. त्याचा एक फुकटातला पत्ताही होता. पण जी गोष्ट फुकट मिळते तिच्यावर पैशाच्या व्यवहारात विसंबू नये, हे त्याचं मत. ऑफिस चौतीस वर्षं जागेवर होतं. पासवर्ड पिंकीने मनानेच घातला आणि 'लक्षात ठेव' म्हणून कॉम्प्युटरला सांगून टाकलं.

मग एक प्रश्न आला. पासवर्ड विसरलात तर ओळख पटवायला म्हणून: आईचं माहेरचं नाव काय?

शशिकांतची आई तिथेच होती. एक्याऐंशी वर्षांची म्हातारी, रोज दुपारी समोर येऊन हंसाबेनच्या हाताला खोबरेल चोळत बसायची. शशिकांतला ती आनंदी म्हणून ठाऊक. ते सासरचं नाव. बोहल्यावर मुलीचं नाव बदलायची रीत, तेव्हा आधी काही वेगळं असणार हे त्याला माहीत होतं. काय, ते विचारायची वेळ कधी आली नव्हती.

"आई, माहेरी तुझं नाव काय होतं ग?"

म्हातारीने तेलकट हात वर धरले आणि पदर दातात धरून हसायला लागली. "आता कशाला? परत लगीन लावतोस का काय?"

"अगं, यांना हवंय."

म्हातारी उठली, पिंकीच्या खुर्चीपाशी गेली आणि वाकून तिच्या कानात काहीतरी बोलली. पिंकीला हसू आवरेना. तिने ते टाइप केलं. शशिकांत तोवर कार्ड पाकिटात नीट परत घालत होता.

पिंकीने साडेचारशे रुपये दिले. त्याने खिशातून रुपया काढून परत केला. व्यवहार संपला असं त्याला वाटलं.

पुढचं वर्षभर समोरच्या घरातून दुपारी सोंगट्यांची टकटक यायची. हंसाबेन आधी पिंकीच्या हाताखाली खेळल्या, मग एकट्या. कॅरम आल्यावर पाच महिन्यांनी त्यांनी उजव्या हाताने पेला उचलला. आणखी काही महिन्यांनी थेपला लाटला. वाकडा, एका बाजूला जाड. तो पहिला थेपला त्यांनी तांडेलांकडे पाठवला. तोवर तेल चोळणारी म्हातारी राहिली नव्हती. जूनमध्ये झोपेतच गेली होती.

नंतरचे दिवस शशिकांतला जड गेले. जानेवारी २००९ मध्ये त्याची एजन्सी दुसऱ्या मोठ्या कंपनीने घेतली. फोर्टचं ऑफिस बंद झालं. नव्या साहेबांनी त्याला घोडबंदरच्या बाजूला एका गोदामात बसवलं, पत्र्याखाली, ट्रकची चलनं तपासायला. निवृत्तीला दीड वर्ष उरलं होतं. कंपनीचं जुनं नाव गेलं तसे जुने ई-मेलचे पत्तेही गेले. त्याने तक्रार केली नाही. ज्या माणसाला काढून टाकत नाहीत त्याने तक्रार करू नये, एवढं त्याला कळत होतं.

मार्चच्या पहिल्या आठवड्यात हंसाबेनच्या कॉम्प्युटरला व्हायरस लागला. दुरुस्तीवाला आला, सगळं पुसून नव्याने बसवून दिलं आणि पैसे घेऊन गेला. संध्याकाळी शशिकांत गोदामातून येऊन बूट काढत होता तोच पिंकी दारात.

"काका, कॅरम गेला."

"गेला म्हणजे?"

"परत टाकायला गेली तर लॉग-इन मागतंय. पासवर्ड तर कॉम्प्युटरलाच माहीत होता! आणि त्यांचं दुकान बंद होतंय. मोठ्ठी नोटीस लावलीय."

शशिकांत एक बूट पायात, एक हातात, तसाच समोर गेला. नोटीस साधी होती. मंदीमुळे खेळगल्ली एकतीस मार्चला कायमची बंद होत आहे. ज्यांनी खेळ विकत घेतले आहेत त्यांनी तोवर आपल्या खात्यात जाऊन ते उतरवून घ्यावेत. ही प्रत पुढे दुकानाची परवानगी न मागता कायम चालेल. त्या तारखेनंतर काही मिळणार नाही.

नवा पासवर्ड मागवला तर तो ई-मेलवर जाणार. ई-मेल फोर्टच्या ऑफिसचा. शशिकांतने नव्या कंपनीच्या कॉम्प्युटर विभागाला फोन केला. तिथला मुलगा म्हणाला, "अंकल, वो सब डिलीट हो गया. काम का कुछ था क्या?" शशिकांत 'नाही' म्हणाला. काय सांगणार? कॅरम होता?

पिंकीने दुसरे कॅरम शोधले. फुकटचे तीन मिळाले, तिन्हींत घड्याळ. हंसाबेननी एकदा खेळून बघितलं. स्ट्रायकर धरला, बोटं जमवली, आणि डाव गेला. पुन्हा धरला, पुन्हा गेला. त्यांनी हात उचलून मांडीवर ठेवला आणि म्हणाल्या, "बस. बंद कर दे." त्यानंतर त्या कॉम्प्युटरसमोर बसल्या नाहीत. डॉक्टरणीने चेंडू दिला, तो कॉटखाली गेला. पंधरवड्यात बोटं पुन्हा आखडू लागली. पेला डाव्या हातात गेला.

शशिकांतला हे रोज दिसायचं, कारण दारं समोरासमोर. कॅरम हंसाबेनच्या पैशाचा होता, पण खातं त्याच्या नावावर. ज्याच्या नावावर माल, त्याने तो सोडवून आणायचा, असं तो आयुष्यभर दुसऱ्यांना सांगत आला होता.

नोटिशीत पुण्याचा एक फोन नंबर होता. गोदामात जेवणाच्या सुट्टीत त्याने लावला. बराच वेळ वाजल्यावर एका मुलीने उचलला.

"नमस्कार, खेळगल्ली, मृणालिनी बोलतेय."

त्याने सगळं क्रमाने सांगितलं. तिने मध्ये तोडलं नाही. मग म्हणाली, "सर, तुमचं नाव, कार्डाचे शेवटचे आकडे, सगळं जुळतंय. कॅरम तुमचाच आहे, मला इथे दिसतोय. पण तो तुम्हाला द्यायचं बटण माझ्याकडे नाही."

"मग तुमच्या साहेबांना द्या."

"साहेब दोन होते सर. एक बंगलोरला गेले, दुसरे फोन उचलत नाहीत. ऑफिसात सध्या मी आहे आणि एक एसीवाला. तो एसी काढून न्यायला आलाय."

शशिकांतला हसू आलं नाही, पण बरं वाटलं. दमलेल्या माणसाचा आवाज दमलेल्याला ओळखू येतो.

"एक रस्ता आहे," ती म्हणाली. "ई-मेल नसेल तर तुम्ही प्रश्नाचं उत्तर देऊन आत जाऊ शकता. तुमच्या खात्याला आईचं माहेरचं नाव हा प्रश्न आहे. फक्त बघून लिहा सर. तीनदा चुकलं की खातं गोठतं. एरवी मी सोडवून देते, पण ते काम आता वरच्या सिस्टीमचं आहे, आणि वर कुणी नाही. मी स्वतःच एकतीसपर्यंत आहे."

त्या रात्री जेवणं झाल्यावर शशिकांत आणि पिंकी कॉम्प्युटरपाशी बसले. इंग्रजीत असा प्रश्न विचारतात तेव्हा त्यांना आडनाव हवं असतं, एवढं शशिकांतला बँकेच्या कामामुळे माहीत होतं. त्याने आजोळचं आडनाव लिहिलं, नाखवा. चूक. मग त्याला वाटलं, म्हातारीला कुणी नाव विचारलं तर ती आनंदीच सांगेल. चूक.

"थांबा काका," पिंकीने त्याचा हात धरला. "एकच राहिला."

"पण तुला तर तिने सांगितलं होतं."

"सांगितलं होतं ना! कानात बोलली. बोलली, जोरात बोलू नको, शशी बसलाय. मला एवढं हसू आलं काका, पोराला लाजते म्हणून, की नाव लक्षातच नाही राहिलं. तुमच्या लोकांतलं जुनं नाव असेल म्हणून टाइप करून टाकलं."

कॉटवरून हंसाबेन म्हणाल्या, "मी तर बा बोलायची. बा ला नावानी कोण बोलवेल, शशीभाई?"

घरी येऊन त्याने बायकोला विचारलं. गिरिजा भांडी आवरत होती. "मी सासूला नाव विचारायला जाईन? एकतीस वर्षं आई म्हटलं. तुम्हाला आठवत नाही, तर मला कुठून?" मग फडकं खाली ठेवून म्हणाली, "माझं तरी आठवतंय का, माहेरचं?"

"सुलभा," शशिकांत लगेच म्हणाला.

"सुलोचना. सुलभा माझी बहीण." आणि पुन्हा भांड्यांकडे वळली.

आईचे कागद होते, पण सगळ्यांवर आनंदी. शाळेत ती गेलीच नव्हती. तिच्या वयाच्या बायका एकेक करून संपल्या होत्या. राहता राहिला तिचा धाकटा भाऊ, उत्तनच्या पुढे चौक गावात राहणारा नाथामामा. भाईंदर स्टेशनवरून बस सुटते ती सरळ गावात जाते. तरी आईच्या तेराव्यानंतर शशिकांत तिकडे गेला नव्हता. जायचं ठरवलं की रविवार यायचा, आणि रविवारी अंग उठायचं नाही.

एकोणतीस मार्चला, शेवटच्या रविवारी, तो गेला. बसमध्ये मासळीच्या रिकाम्या टोपल्या घेऊन परतणाऱ्या बायका होत्या. गावात शिरताच बांबूच्या वलांड्यांवर टांगलेले बोंबील दिसायला लागले. वास लहानपणीचाच. रस्त्याच्या वरच्या अंगाला मात्र नवी कुंपणं पडली होती, आत बंगल्यांचे पाये खणलेले.

नाथामामा ओट्यावर जाळं दुरुस्त करत होता. अठ्ठ्याहत्तरीचा, कानाने थोडा जड, नजर मात्र लखलखीत.

"कोन, शशी? वाट चुकलास का काय?"

"सहज आलो मामा."

"सहज कोन येत न्हाय येवढ्या लांब. बाय गेली, तवापासून आज दिसतोस." आणि आत तोंड करून, "रश्मे, चाय ठेव ग. शहरातला भाचा आलाय."

सून चहा ठेवून गेली. मुलं कुठे, बोट कशी चाललीय, डिझेल किती महाग, असं बोलणं झालं. मग शशिकांतने विचारलं, "मामा, आईचं माहेरचं नाव काय होतं?"

नाथामामाचा हात जाळ्यात थांबला.

"कशाला?"

"एका ठिकाणी लिहायचंय."

"कंच्या ठिकानी? तलाठ्याकडं?"

शशिकांतच्या ध्यानात आलं नाही. "नाही हो. तलाठ्याचा काय संबंध?"

"मंग वकिलाकडं लिवायचं आसंल." मामाने सुई खाली ठेवली. "हे बग शशी, मी आडानी हाय, पन खुळा न्हाय. वरच्या जमिनीला भाव आला, तवाधरून समद्यांच्या बयनींची पोरं गाव बघाया येतात. गेल्या म्हैन्यात पलीकडच्या घरात आसाच एक भाचा आला. आधी नाव इचारलं, मंग वकील घेऊन आला. बायनं तिच्या तोंडानं सांगितलं व्हतं, मला काय नको नाथा. माझ्यासमोर बोलली."

"मामा, जमिनीचं मला काही नको आहे."

"मंग नाव कशाला पायजे?"

आता आली का पंचाईत. शशिकांतने कप खाली ठेवला आणि जमेल तसं सांगितलं. शेजारी एक गुजराती बाई आहे. तिला लकवा झाला. ती कॉम्प्युटरवर कॅरम खेळते, त्याने हात सुधारतो. तो कॅरम एका दुकानातून घेतला, ते दुकान परवा बंद होतंय. दुकानाचं कुलूप आईच्या नावाने उघडतं.

नाथामामा ऐकत होता. ऐकून झाल्यावर आत बघून मोठ्याने म्हणाला, "रश्मे, आयकलास का? बायच्या नावानं गुजरातनीचा कॅरम उघडतो." आतून हसण्याचा आवाज आला. मामा मात्र हसला नाही. "साठीला आलास शशी. खोटं बोलायचं तर जरा बरं तरी बोल."

शशिकांतला राग यायला हवा होता. आला नाही, राग यायलाही अंगात काही शिल्लक लागतं. आपण मामाच्या जागी असतो तर हेच म्हटलं असतं, असं त्याला वाटलं. त्याने पुन्हा एकदा सांगून पाहिलं, मग सोडून दिलं. चहा संपवला. "चलतो मामा. बस जाईल."

"जेवून जा. कोलंबी हाय."

"नको. उद्या ड्युटी आहे."

मग त्याला आठवलं की येताना सगळी चिल्लर संपली होती, पाकिटात पाचशेच्या दोनच नोटा. कंडक्टर हाकलूनच देणार. "मामा, पाचशेचे सुटे मिळतील?"

"पाचशे? हितं कोनाकडं?" मामाने कनवटीची पिशवी काढली, वीसची एक मऊ पडलेली नोट त्याच्या हातात कोंबली. "धर. सुटं नसायचंच तुमच्याकडं." आणि काठी घेऊन स्वतःच उठला. पाहुण्याला, मग तो हिस्सा मागायला आलेला का असेना, रस्त्यापर्यंत पोचवायची त्यांच्या घराची रीत होती.

वाट किनाऱ्यावरून होती. वाळूवर बोटी चढवून ठेवल्या होत्या. मामा दर थोड्या वेळाने थांबत होता, दम घ्यायला की काही बोलायला, ते कळत नव्हतं. आपल्या बोटीपाशी आल्यावर तो उभाच राहिला. बोटीचा निळा रंग मिठाने खाल्ला होता. त्याने काठीने बोटीच्या कडेवर टकटक केलं.

"आनि हे बी आत्ताच सांगून ठेवतो. मंग बोलशील, मामानं लपवलं. ही बोट तिच्या नावाची हाय. पैली बोट बांधली तवा बापानं आपल्या पोरीचं नाव दिलं. ती मोडली, मी दुसरी घेतली, तिला बी त्येच नाव ठेवलं. पन नाव हाय म्हनून बोट तिची व्हत न्हाय. समजलं? कागदावर माझं नाव हाय. बंदरात जाऊन इचार."

शशिकांतने वर पाहिलं. नाळेजवळ, बोटीच्या पुढच्या टोकाला, पांढऱ्या रंगात अक्षरं होती. लहानपणी मे महिन्याच्या सुट्टीत आजोळी आला की तो याच नावाच्या बोटीच्या सावलीत बसून उकडलेल्या करंद्या खायचा. समुद्रातल्या बोटीला नदीचं नाव कशाला, असं तेव्हा एकदा त्याच्या मनात आलं होतं. विचारायचं राहिलं.

यमुना.

हेच नाव हवं होतं, हे त्याने मामाला सांगितलं नाही. सांगितलं असतं तर हा हिस्सा मागायलाच आला, अशी मामाची खात्रीच पटली असती. त्याने वाकून मामाच्या पायांना हात लावला. मामा ओशाळला. "बरं बरं. सुनंला घेऊन ये कधीतरी," म्हणाला, आणि लगेच सावरून, "वकिलाला नको आनू."

बसमध्ये खिडकीशी बसून शशिकांत ते नाव मनात घोळवत राहिला. विसरण्यासारखं नव्हतं, तरी त्याला भीती वाटत होती. आजोबांची पोर, मामाची बाय, हंसाबेनची बा, त्याची आई. मोठ्याने घेतलं जाणारं नाव तेवढं बोटीकडे राहिलं होतं.

दुपारी पिंकीने कॉम्प्युटर लावला. ह्या वेळी शशिकांत स्वतः टाइप करायला बसला. एका बोटाने एकेक अक्षर. पिंकी मागे उभी होती, शेवटचं अक्षर पडायच्या आतच ओरडली, "हां! यमुना! हेच बोलली होती बा. यमुना!"

"आधी आठवायला काय झालं होतं?"

"आता दिसलं म्हणून आठवलं ना काका."

खातं उघडलं. आत एकच ओळ होती: कॅरम, एक प्रत, शशिकांत तांडेल. केबलवाल्याचं इंटरनेट रविवारी रांगायचं. उतरायला संध्याकाळ झाली. मध्ये एकदा तुटलं, पुन्हा लावलं. पिंकीने तीन सीड्यांवर प्रती काढल्या. एक शशिकांतने आपल्या कपाटात ठेवली.

हंसाबेनना खुर्चीत बसवलं. त्यांनी डाव्या हाताने उजवा हात उचलून माऊसवर ठेवला, जसा पहिल्या दिवशी ठेवला होता. बोटं मिटेनात. स्ट्रायकर तसाच थांबून राहिला. पडद्यावर काही हललं नाही, डाव कुठे गेला नाही. बऱ्याच वेळाने फटका बसला; सोंगटी कडेला लागून परत आली.

"तीन हफ्ते में सब गया," हंसाबेन म्हणाल्या. मग नजर पडद्यावरच ठेवून, "जेवून घ्या शशीभाई. मी बसते."

रात्री गिरिजाला सगळं सांगितलं. तिने बोटीचं ऐकलं आणि म्हणाली, "हिस्सा खरंच मागितला असता तरी चुकलं नसतं. आईंचा हक्क होताच की."

"होता."

"मग?"

"दीड वर्ष गोदामात काढायचंय सुलोचना. कोर्टात कोण जाईल?"

गिरिजाने त्याच्याकडे बघितलं. त्याला आणखी भात वाढला.

सोमवारी जेवणाच्या सुट्टीत त्याने पुण्याला फोन लावला. कॅरम मिळाला, एवढंच कळवायला. ज्याने मदत केली त्याला पोच द्यावी, नाहीतर त्याचं खातं उघडं राहतं.

"चला, एक तरी झालं," मृणालिनी म्हणाली. "सकाळपासून सगळे शिव्याच देतायत. काय नाव निघालं सर?"

"यमुना."

आपल्या आईचं नाव असं दुसऱ्याला सांगण्याची त्याची ही पहिलीच वेळ. गोदामात मागे ट्रक उलटा घेत होते, म्हणून त्याला ते दोनदा सांगावं लागलं.

"छान आहे," ती म्हणाली.

"तुमचा एसी गेला का?"

"एसी गेला. आता पंखे काढतायत."

"पुढे काय करणार तुम्ही?"

"बघू सर. तुम्ही?"

"चलनं तपासणार," शशिकांत म्हणाला. दोघांनी फोन ठेवले.

एक एप्रिलला पिंकीने सहज म्हणून खेळगल्लीचा पत्ता उघडून बघितला. पान कोरं होतं. कॅरम चालत होता. पावसाळा लागेपर्यंत हंसाबेनचा पेला पुन्हा उजव्या हातात आला. थेपल्याला आणखी वेळ आहे, असं डॉक्टरणीचं म्हणणं.

शशिकांत चौकला पुन्हा गेलेला नाही. गेला तर मामाला वाटेल कागद घेऊन आला, आणि रविवारी अंगही उठत नाही. नाथामामाचे वीस रुपये अजून द्यायचे आहेत.